‘सच्च’ आणि ‘अकिरामे’ : हिगुची इचियो यांच्या ‘तेराव्या रात्री’चे एक वाचन

‘चत्तारि अरियसच्चानि’ या पदातील ‘सच्च’ शब्दासाठी प्राचीन चिनी अनुवादकांनी जे अक्षर योजिले, तेच पुढे जपानमध्ये गेले आणि ‘शिताई’ म्हणजे चार आर्यसत्ये या शब्दात ते आजही लिहिले जाते. परंतु त्याच अक्षराने जपानी भाषेत ‘अकिरामेरु’ हे नित्याच्या व्यवहारातील क्रियापदही लिहितात. त्याचा आजचा अर्थ आशा सोडणे, हात टेकणे, वाट्याला आलेले सोसावयास तयार होणे असा आहे. मुळात हा शब्द ‘स्पष्ट करणे, उजेडात आणणे’ या अर्थाचा होता, असे व्युत्पत्ती सांगते. म्हणजे शब्दाचा प्रवास पाहण्याकडून सोसण्याकडे झाला. असे अर्थांतर सर्वच भाषांत होते आणि त्यात नवल मानण्याचे कारण नाही. मात्र या विशिष्ट अर्थांतराचा भार कोणाच्या खांद्यावर पडला, असा प्रश्न विचारला तर उत्तराचा मोठा भाग स्त्रियांकडे जातो. हिगुची इचियो यांची ‘जूसानया’, अर्थात ‘तेरावी रात्र’, ही कथा त्या उत्तराचा एक पुरावा म्हणून वाचता येते.

ती तशी वाचणे आवश्यक आहे, याचे एक कारण समीक्षेतील आहे. जपानी कथा-कादंबऱ्यांतील स्त्री मुकाट्याने सोसू लागली की पाश्चात्त्य अभ्यासक तिच्या सोसण्यापुढे ‘बौद्ध विरक्ती’ अशी चिठ्ठी चिकटवून मोकळे होतात. दुसरे कारण आपल्याकडचे आहे. जपान हा बौद्ध देश म्हणून आपण त्याच्याकडे गौरवाने पाहतो आणि तेथील समाजव्यवस्थेची चिकित्सा करताना हात आखडता घेतो. या दोन्ही सवयींनी एकच नुकसान होते. धम्म कोठे होता आणि कोठे नव्हता, हे तपासण्याचे राहून जाते.

इचियो यांचा जन्म १८७२ साली टोकियोत झाला आणि वयाच्या चोविसाव्या वर्षी, २३ नोव्हेंबर १८९६ रोजी, क्षयाने त्यांचा मृत्यू झाला. मुलीने फार शिकणे तिच्या भल्याचे नाही, या आईच्या आग्रहामुळे अकराव्या वर्षी त्यांची शाळा सुटली. पुढे १८८६ साली नाकाजिमा उताको यांच्या ‘हागिनोया’ या काव्यशाळेत त्यांना प्रवेश मिळाला, तोही श्रीमंत घरच्या मुलींच्या मेळाव्यात. थोरला भाऊ १८८७ मध्ये वारला, वडील १८८९ मध्ये गेले, ठरलेले लग्न मोडले, आणि आई व धाकटी बहीण यांचा संसार या मुलीच्या माथी आला. ती कायद्यानेच कुटुंबप्रमुख होती. आपल्या मनाप्रमाणे घर सोडून जाणे तिला शक्य नव्हते. शिवणकाम, धुणे, उसनवारी, आणि १८९३ साली योशिवारा या वेश्यावस्तीच्या कडेला रोजच्या वापरातील किरकोळ वस्तूंचे व मुलांच्या खाऊचे दुकान, असा हा जीवनक्रम आहे. ‘इचियो’ म्हणजे एक पान. बोधिधम्म वेताच्या एका पानावरून नदी पार झाले अशी कथा आहे, आणि जपानी भाषेत पाय व पैसा यांना एकच शब्द असल्यामुळे ‘बोधिधम्मासारखेच मलाही पाय नाहीत’ असा विनोद या टोपणनावात दडला आहे, असे सांगितले जाते. अशा लेखिकेची मुद्रा २००४ पासून जपानच्या पाच हजार येनच्या नोटेवर छापली गेली आणि २०२४ मध्ये नव्या नोटा येईपर्यंत तेथे राहिली. हा विनोद मात्र त्यांनी केलेला नाही.

‘जूसानया’ ही कथा डिसेंबर १८९५ मध्ये ‘बुंगेई कुराबु’ या मासिकाच्या लेखिका-विशेषांकात प्रसिद्ध झाली. रॉबर्ट लायन्स डॅन्ली यांच्या १९८१ च्या ग्रंथात तिचा इंग्रजी अनुवाद आहे व प्रस्तुत विवेचन त्यावर आधारलेले आहे. कथानक थोडके आहे. चांद्र पंचांगातील नवव्या महिन्याची तेरावी रात्र. ओसेकी ही तरुण स्त्री माहेरच्या जाळीदार दारापाशी उभी आहे. एरवी ती काळ्या रोगणाच्या ऐटदार रिक्षातून येते; आज रस्त्यात मिळालेल्या भाड्याच्या रिक्षाने आली आहे व ती तिने परत पाठविली आहे. आत वडील आपल्याला किती गुणी मुले लाभली याचे समाधान मोठ्याने बोलून दाखवीत आहेत, ते तिला ऐकू येते. नवऱ्याला सोडण्याचा निश्चय करून, निजलेल्या मुलाला मागे ठेवून ती आली आहे. आपल्या वडिलांनी नवऱ्याकडून सोडचिठ्ठी मागून घ्यावी, एवढेच तिचे मागणे आहे.

नवरा हारादा इसामु हा मोठा सरकारी अधिकारी. ओसेकी सतरा वर्षांची असताना नववर्षाच्या सातव्या दिवशी सकाळी शेजारच्या मुलीबरोबर फळीने पिसांचे फूल उडविण्याचा खेळ खेळत होती. ते फूल रस्त्याने जाणाऱ्या हारादाच्या रिक्षात पडले, ते मागावयास ही गेली, आणि तेवढ्या दर्शनावर त्याने मागणी घातली. आम्ही आमच्या बरोबरीचे नाही, मुलीला कसले शिक्षण नाही, असे आईबापांनी सांगितले तेव्हा शिक्षण काय, ते लग्नानंतर देता येईल, असे उत्तर आले. हे सर्व आई संतापाने आठवते. लग्नानंतर काही महिने कौतुक झाले. मूल झाले आणि मनुष्य पालटला. सकाळच्या जेवणापासून दोष काढणे सुरू होते, नोकरांसमोर तिच्या अडाणीपणाचा पाढा वाचला जातो, तारो या मुलाची दाई म्हणून तेवढे तुला ठेवले आहे असे तिला ऐकविले जाते. नवऱ्याने बाहेर कोणाकडे जावे, कोणाला ठेवावे, त्याबद्दल मत्सर करणारी मी नव्हे, असे ओसेकी स्वतःच म्हणते. तिला असह्य झाला आहे तो तिरस्कार.

येथे ‘सिगालोवाद सुत्ता’ची आठवण येणे अपरिहार्य आहे. पतीने पत्नीप्रती पाळावयाची पाच कर्तव्ये भगवंतांनी तेथे सांगितली आहेत: सन्मान, अवमान न करणे, एकनिष्ठा, घरातील अधिकार तिच्या स्वाधीन करणे आणि अलंकार देणे. हारादाचा हिशेब या यादीवर मांडून पाहावा. सन्मान नाही, अवमान रोजचा, एकनिष्ठेची अपेक्षाच पत्नीने सोडलेली, अधिकार दाईएवढा. पाचवे कर्तव्य मात्र चोख बजावलेले आहे. तिच्या अंबाड्याला सोन्याची कडी आहे, अंगावर काळ्या रेशमी क्रेपचा झगा आहे. आणि कथेतील कलाटणी नेमकी या अलंकारावर होते. आई मुलीच्या बाजूने बोलून थकते, वडील गप्प असतात. मग ते मुलीच्या केसांकडे आणि वस्त्रांकडे पाहतात, आणि हिला पुन्हा सुती कपड्यांत, बाह्या बांधून धुण्याभांड्याला कशी लावावी, असा विचार त्यांच्या मनात येतो. चारही कर्तव्ये ज्याने बुडविली, त्याचे पाचवे कर्तव्य बापाच्या डोळ्यांत भरते. इचियो यांनी यावर एकही शब्द भाष्य केलेले नाही.

वडिलांचे पुढचे भाषण मराठी वाचकाला परके वाटणार नाही. ते दुष्ट नाहीत. ते रडत आहेत. मोठ्या पदावरच्या माणसाचा स्वभाव कडक असावयाचाच, वरवर सुखी दिसणाऱ्या कितीतरी स्त्रियांचे असेच असते, तुझ्या धाकट्या भावाला, इनोसुकेला, नोकरी हारादाच्या वशिल्याने आहे, आणि सोडचिठ्ठी घेतलीस तर मूल त्या घरचे होईल. दोन्हीकडे रडणेच असेल तर हारादाची पत्नी म्हणून रड, असा त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ. ओसेकी मान्य करते. आजपासून मी मेले असे समजेन आणि माझा आत्मा तेवढा मुलाचे रक्षण करील, असे म्हणून ती परत निघते.

या प्रसंगात एक व्यक्ती गैरहजर आहे आणि तिच्या गैरहजेरीकडे टीकाकारांनी द्यावे तेवढे लक्ष दिलेले दिसत नाही. ज्याच्यासाठी हा त्याग मागितला जातो तो इनोसुके घरी नाही. तो रात्रशाळेत गेला आहे. नुकतीच त्याची पगारवाढ झाली आहे, तीही मेव्हण्याच्या कृपेने. बहिणीच्या अपमानावर आपली नोकरी टिकावी की नाही, हे त्याला कोणी विचारीत नाही. कदाचित त्याने नको म्हटले असते, कदाचित म्हटले नसते. कर्तव्य म्हणून जे सांगितले जाते, त्यात ज्याचे देणे आहे आणि ज्याचे घेणे आहे अशा दोघांनाही न विचारता तिसराच माणूस हिशेब पुरा करतो. याच भावाबद्दल आणखी एक बारीक तपशील आहे. चंद्रदर्शनासाठी आईने पिठाचे गोळे केले आहेत, ते थोडे लेकीकडे पाठवावे असे तिला वाटले होते, पण एवढ्या मोठ्या घरी असली वस्तू नेण्याची इनोसुकेला लाज वाटली. ज्या नात्यातून गोळेदेखील जाऊ शकत नाहीत, त्या नात्यातून त्याचा पगार येतो.

‘सिगालोवाद सुत्ता’त कर्तव्ये नेहमी जोडीने येतात. पुत्राची पाच तर मातापित्यांचीही पाच, आणि त्यात अपत्याला विद्याकला शिकविणे हे एक आहे. ओसेकीला तिच्या आईबापांनी ते दिले नाही, हारादाने देण्याचे वचन मोडले, आणि ज्या उणिवेला हे दोघे जबाबदार, तीच तिचा अपराध ठरली. इचियो यांची स्वतःची शाळा आईनेच सोडविली होती, हे येथे विसरता येत नाही. एका बाजूने कर्तव्य मोडले तर दुसऱ्या बाजूने काय करावे, याचे कलम सुत्तात नाही हे खरे. परंतु पत्नीचे देणे भावाच्या वेतनाने फिटते, असे सुचविणारेही तेथे काहीच नाही. वडिलांचे भाषण धम्माच्या भाषेत नाही. ते ऋण आणि उपकार यांच्या व्यावहारिक भाषेत आहे. त्याला बौद्ध म्हणणाऱ्याने आधी ते कोणत्या सुत्तातून आले हे दाखवावे.

मग ओसेकीला दुसरी वाट होती काय? १८७३ च्या सरकारी आदेशाने जपानी पत्नीला घटस्फोटासाठी न्यायालयात जाण्याची मुभा मिळाली होती, पण बरोबर वडील, भाऊ अथवा नातलग असला पाहिजे अशी अट होती. बापाच्या दारात उभे राहणे ही ओसेकीची भावनिक गरज नव्हती. ती कायद्याने ठरविलेली वाट होती आणि तिच्या टोकाला बाप होता. त्याआधीच्या काळात सोडचिठ्ठी पतीनेच द्यावयाची. साडेतीन ओळींचा कागद, म्हणून तिला ‘मिकुदारिहान’ म्हणत. तरीही त्या काळात एक दार होते. कामाकुरा येथे १२८५ साली काकुसान या भिक्षुणीने, म्हणजे होजो तोकिमुने याच्या विधवेने, तोकेइजी हा स्त्रियांचा विहार स्थापिला. पुढील शतकांत नवऱ्याच्या छळाला कंटाळलेली स्त्री तेथे पोहोचली आणि ठरावीक मुदत, उत्तरकाळात सुमारे दोन वर्षे, राहिली की तिला सोडचिठ्ठी मिळत असे. पाठलाग होत असताना स्त्रीने आपली चप्पल फाटकाच्या आत फेकली तरी ती आश्रयाला आली असे मानीत, अशी आख्यायिका आहे. मेइजी राजवटीच्या आरंभीच विहाराचा हा अधिकार संपला. १८८९ मध्ये कामाकुरापर्यंत आगगाडी आली. ओसेकीच्या वेळी जाण्याची सोय होती, दार नव्हते.

हाच मुद्दा ‘थेरीगाथे’कडे पाहिले म्हणजे अधिक स्पष्ट होतो. इसिदासी थेरीची कहाणी ओसेकीच्या इतकी जवळची आहे की दोघींना एकत्र वाचल्याशिवाय राहवत नाही. उज्जेनीच्या श्रेष्ठीची ही कन्या साकेतातील श्रीमंत घरी दिली गेली. तिने सासूसासऱ्यांची व पतीची सर्व सेवा केली, तिचा काही अपराध नाही हे पतीनेही मान्य केले, तरी हिच्याबरोबर एका घरात राहणार नाही असे म्हणून तिला परत पाठविण्यात आले. बापाने तिला दुसऱ्यांदा दिले, तिसऱ्यांदा दिले. शेवटी जिनदत्ता नावाची भिक्षुणी भिक्षेसाठी घरी आली, आणि इसिदासीने प्रव्रज्या मागितली. येथेही बापाचे पहिले उत्तर ‘घरीच राहून धर्म कर’ असेच आहे. फरक पडतो तो जिनदत्तेमुळे. ती उपदेश फारसा करीतच नाही. ती दारात उभी असते एवढेच, आणि तिच्या मागे स्त्रियांचा एक संघ असतो, जेथे आश्रय व समानधर्मी स्त्रिया असतात. स्वातंत्र्याची इच्छा ओसेकीलाही होती, इसिदासीपेक्षा कमी नव्हती. इसिदासीला जाण्यास जागा होती.

येथे पालि साहित्याच्या अभ्यासकाने दोन गोष्टी लपवू नयेत. मातापिता किंवा पती यांच्या अनुमतीशिवाय शिक्षमाणेला उपसंपदा देऊ नये, असा नियम भिक्खुनी-पातिमोक्खात आहे. म्हणजे या दाराची कडीदेखील काही अंशी घरच्याच हाती होती. आणि इसिदासी आपल्या दुःखाचे कारण पूर्वजन्मीच्या व्यभिचारात शोधते. ज्या घरात तिला निरपराध म्हणून परत पाठविले, त्या घराला त्यामुळे जाब विचारलाच जात नाही. सर्व सुखदुःख पूर्वकृत कर्माचेच फळ होय, हे मत भगवंतांनी अंगुत्तर निकायाच्या तिकनिपातात स्पष्टपणे नाकारले आहे, आणि पूज्य बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथाच्या प्रास्ताविकातच कर्म आणि पुनर्जन्म यांविषयीचा प्रश्न उभा केला आहे. तेव्हा गाथेतील हा भाग वाचताना भक्तिभावापेक्षा चिकित्सा अधिक उपयोगी पडते.

जपानमध्ये चिकित्सेची गरज याहून मोठी होती. ‘गोशो सानजू’, म्हणजे पाच अडथळे आणि तीन आज्ञापालने, हे शब्द तेथील मध्ययुगीन बौद्ध प्रवचनांत स्त्रीच्या नावाला जोडूनच येतात. तीन आज्ञापालने, पित्याची, पतीची व पुत्राची, ही चिनी कन्फ्यूशियन आचारग्रंथांतून आली. मनुस्मृतीशी त्यांचे साम्य या वाचकवर्गाला सांगावयास नको. पाच अडथळे मात्र बौद्ध ग्रंथांतीलच आहेत. स्त्री बुद्ध, चक्रवर्ती, शक्र, मार व ब्रह्मा होऊ शकत नाही, ही यादी ‘बहुधातुक सुत्ता’तही आढळते. त्याच सुत्ताच्या चिनी मध्यम-आगमातील पाठात ती नाही, यावरून ती मागाहून शिरली असावी असा तर्क भिक्खू अनालयो यांच्यासारख्या अभ्यासकांनी केला आहे, व तो मला ग्राह्य वाटतो. ‘सद्धर्मपुंडरीका’त तर ही यादी सारिपुत्ताच्या तोंडी येते आणि नागकन्या ती तेथल्या तेथे खोटी पाडते. परंतु प्रवचनकारांनी आक्षेप लक्षात ठेवला आणि उत्तराला वळण दिले. पंधराव्या शतकात रेन्न्यो यांच्या पत्रांत स्त्रियांना हे पाच-तीन वारंवार ऐकविले जातात. अमिताभाच्या कृपेने त्यांचा उद्धार होईल हे आश्वासन असते, पण तो परलोकी. इचियो यांचे कुटुंब याच जोदो शिनशू परंपरेतले.

बाबासाहेबांनी १९५१ साली ‘महाबोधि’ नियतकालिकात हिंदू स्त्रीच्या अवनतीचा दोष बुद्धांवर टाकणाऱ्यांना उत्तर दिले. ते उत्तर भारतापुरते निर्णायक आहे. जपानच्या बाबतीत तेच उत्तर जसेच्या तसे वापरता येत नाही, कारण तेथे अवनतीच्या काळात मनू नव्हता आणि विहार होते. बुद्धवचन आणि विहारसंस्था यांत भेद करूनच तेथे बोलावे लागते. इचियो यांनी हा भेद पाहिला होता. त्यांच्या ‘ताकेकुराबे’ या प्रसिद्ध कथेत र्यूगेजी विहाराचा पुरोहित आहे. त्याला भाजलेल्या वामाशांची आवड आहे व त्यासाठी तो मुलाला, नोबूला, बाजारात पिटाळतो. पत्नीला जत्रेत केसांचे आकडे विकावयास बसवितो. देखण्या मुलीला चहाच्या दुकानावर बसवितो. पुरोहितांनी मांस खावे, लग्न करावे, हे ज्याचे त्याने पाहावे, असा सरकारी आदेश १८७२ मध्ये, इचियो यांच्या जन्मवर्षीच निघाला होता. लग्न हा येथे आक्षेपाचा विषय नाही. आक्षेप असा की ज्या घरात धम्माचे ग्रंथ आहेत, तेथेही मुलगी दुकानाच्या दर्शनी बसविण्याची वस्तू आहे, आणि लाजतो तो फक्त नोबू.

आता ओसेकीच्या ‘मी मेले’ या उद्गाराकडे वळू. यात काहींना अहंभावाचा त्याग, अनत्ताची छाया दिसते. हे वाचन मला मूलतः चुकीचे वाटते. पहिले म्हणजे ती आत्मा शिल्लक ठेवते आणि तो मुलाच्या राखणीला लावते. दुसरे असे की तिचा ‘मी’ विरत नाही. तो हारादाची पत्नी, तारोची आई, इनोसुकेची बहीण अशा तीन नावांत वाटून दिला जातो. संयुत्त निकायात सोमा भिक्षुणीला मार म्हणतो की दोन बोटांच्या बुद्धीच्या स्त्रीला ते पद कसले मिळणार. चित्त सुसमाहित असता स्त्रीत्वाचा काय संबंध, अशा आशयाचे उत्तर ती देते. सोमा एक नाव टाकून देते. ओसेकीवर तीन लादली जातात. आणि दुःखसत्याबद्दल भगवंतांनी ‘परिञ्ञेय्य’, म्हणजे पूर्णपणे जाणावयाचे, असा शब्द योजिला आहे. सोसावयाचे असा नव्हे. वडील मुलीचे दुःख जाणतात, रडतात, पण दुःखाच्या कारणाकडे जाताच मागे फिरतात, कारण त्या कारणावर मुलाची नोकरी उभी आहे. ‘सच्च’ या अक्षराचे ‘अकिरामे’ कसे झाले, ते या एका खोलीत पाहता येते.

हिरात्सुका राइचो या पुढच्या पिढीतील, स्वतः झेन साधना केलेल्या, स्त्रीमुक्तिवादी लेखिकेने इचियो यांना गतकाळातील जपानी स्त्री म्हणून बाजूला सारले. ‘सेइतो’ मासिकाच्या १९११ च्या उत्साहात हे समजण्यासारखे असले तरी ते न्याय्य नाही. पात्र परत गेले म्हणून लेखिका परत गेली, असे होत नाही. बापाचा युक्तिवाद इतका नीट, इतक्या सहानुभूतीने मांडला आहे की त्यातील भोक वाचकाला स्वतःच सापडावे. बंडखोर नायिकेच्या तोंडून भाषण करविले असते तर ते सापडले नसते.

कथेचा दुसरा भाग त्या मानाने दुबळा आहे. परतीच्या वाटेवर चांदण्यात रिक्षावाला मध्येच थांबून ‘उतरा, पुढे नेणार नाही’ म्हणतो, आणि तो तिचा बालपणीचा ओळखीचा, तंबाखूच्या दुकानदाराचा मुलगा रोकुनोसुके निघतो, हा योगायोग जुळवून आणलेला वाटतो. तिच्या लग्नानंतर तो वाया गेला, त्याचेही लग्न मोडले, लहान मुलगी दगावली. पण या भागामुळे एक गोष्ट साधते. घराण्याच्या सोयीसाठी झालेल्या एका लग्नाची किंमत केवळ स्त्रीनेच दिलेली नाही, हे दिसते. ओसेकी त्याला धीर देते, पुन्हा पूर्वीसारखा हो, चांगले दुकान काढ म्हणते. घटकेपूर्वी बापाने तिला जे दिले तेच ती आता दुसऱ्याला देत आहे, हे तिच्या ध्यानात येत नाही. कागदात थोडे पैसे गुंडाळून ती त्याच्या हाती ठेवते, आणि उएनोच्या हिरोकोजी चौकातून तो पूर्वेला जातो, ती दक्षिणेला. इनोसुके त्या वेळेपावेतो रात्रशाळेतून घरी परतला असेल.